‘मेउ कोको’ घरी झाला, पण एकट्याने नव्हे

‘काएतानो वेलोझो यांनी टाळेबंदीत घरी बसून एकट्याने गिटारवर अख्खा अल्बम केला’ असा मजकूर या ब्राझीलच्या गायक-गीतकाराबद्दल फिरतो आहे. यातलं ‘घरी’ खरं आहे. ‘एकट्याने’ आणि ‘फक्त गिटार’ चूक.

ऑक्टोबर २०२१मध्ये आलेल्या ‘मेउ कोको’ या अल्बमची बारा गाणी त्यांचीच. ध्वनिमुद्रण मुख्यतः रिओतल्या घरच्या स्टुडिओत झालं. पण निर्मितीत तरुण संगीतकार लुकास नुनेस बरोबरीने होते. शीर्षकगीताचं वाद्यवृंद संयोजन तियागो आमूद यांचं, तर ‘व्होसे-व्होसे’मध्ये फादो या पोर्तुगालच्या पारंपरिक गायनप्रकाराची गायिका कार्मिन्यो गाते. हेडफोन लावून ऐका, थर वेगळे कळतात. असे थर जमवायचे तर सगळ्यांनी एकाच ठोक्यावर वाजवावं लागतं. नाहीतर नंतर जोडलेली वाद्यं सरकतात. अशा कामाला ‘एकट्याचं’ म्हणणं हा सहकाऱ्यांवर अन्याय आहे.

‘नऊ वर्षांतला पहिला अल्बम’ हेही अर्धवट. २०१२च्या ‘आब्रासासो’नंतर नव्या गाण्यांचा स्टुडिओ अल्बम हाच, हे बरोबर; पण मधे, २०१८मध्ये, मोरेनो, झेका आणि टॉम या मुलांसोबतचा ‘ओफेर्तोरिओ’ हा मैफलीचा अल्बम आला होता. शिवाय ‘मेउ कोको’मधलं ‘पार्दो’ हे गाणं २०१९मध्येच गायिका सेऊने गायलं होतं.