हायकोर्टाचा दणका वगैरे

सकाळपासून तीन ग्रुपांवर एकच कात्रण फिरतंय. ‘भ्रष्ट अधिकाऱ्यांना हायकोर्टाचा दणका’. खाली टाळ्या, जोडलेले हात, एकाने तर फटाके. मी बातमी शेवटपर्यंत वाचली (टाळ्यावाल्यांनी वाचली नसणार, पैज लावते). शिस्तभंगाची कारवाई करा अशी मागणी करणारी याचिका होती, ती निकाली निघाली आणि ‘निवेदनावर कायद्यानुसार आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा’ असा आदेश झाला. हा दणका!

माझ्या मामाला हे वाक्य तोंडपाठ आहे. त्याने ते २०१३ साली लॅमिनेट करून घेतलंय.

मामा निवृत्त शिक्षक. गावातल्या एका विधवा बाईची जमीन २००८ मध्ये परस्पर दिराच्या नावावर चढली. फेरफार मंजूर करणाऱ्या साहेबांनी किती घेतले ते अख्ख्या गावाला माहीत होतं, पुरावा कुणाकडेच नव्हता. मामाने नक्कल काढली. नोटीस बजावल्याच्या कागदावर बाईचा अंगठा होता. बाई सही करते हो! चौथीपर्यंत मामाच्याच वर्गात होती, त्यानेच तिला नाव गिरवायला शिकवलं होतं.

त्या अंगठ्यापायी मामाने पाच वर्षं अर्ज केले. प्रत्येक अर्जाची पोच, आवकचा शिक्का, निळ्या शाईतला नंबर, सगळं एका कापडी पिशवीत. शेवटी हायकोर्टात रिट याचिका. सरकारी वकिलांचा पहिला प्रश्न, तुमचा संबंध काय? जमिनीचं भांडण बाईचं आणि शिस्तभंग हा सरकार आणि नोकर यांच्यातला मामला, तक्रारदार त्रयस्थ. तरी आठ आठवड्यांचा आदेश मिळाला आणि मामाने पेढे वाटले. मीही खाल्ला. म्हणून आज त्या फटाकेवाल्याला काही बोलले नाही.

सातव्या आठवड्यात पत्र आलं. ‘प्रस्तुत प्रकरणी प्राथमिक चौकशी करण्याचा निर्णय घेण्यात आला आहे.’ वाचा परत. कोर्टाने निर्णय घ्या म्हटलं, त्यांनी चौकशी करण्याचा निर्णय घेतला! अवमान झालाच नाही. हे ज्याने लिहिलं त्याच्या हुशारीला माझा साष्टांग नमस्कार.

मग चौकशी अहवाल माहिती अधिकारात मागितला. उत्तर, वैयक्तिक माहिती आहे, देता येत नाही. सोबत सर्वोच्च न्यायालयाच्या २०१२ च्या निकालाचा हवाला, मेमो, कारणे दाखवा नोटिसा, शिक्षा, सगळं कर्मचाऱ्याचं खासगी. बाईचा अंगठा मात्र खासगी नव्हता, तो कुणीही उमटवावा.

कोर्ट थेट कुणाला घरी बसवत नाही, घटनेच्या ३११ कलमाप्रमाणे समोरच्याला बाजू मांडू द्यावी लागते, मान्य. खोट्या याचिकांची भीती घालून पैसे उकळणारे आहेत, तेही मान्य, दोघं माझ्याच ओळखीचे आहेत.

पण साहेब २०१६ ला निवृत्त झाले, तोवर दोषारोपपत्रच दिलं नव्हतं. आणि निवृत्तिवेतन नियम, १९८२ यातला २७ वा नियम काय म्हणतो? नोकरीत असताना डीई, म्हणजे विभागीय चौकशी, लावली नसेल तर निवृत्तीनंतर शासनाची मंजुरी हवी, शिवाय घटना चार वर्षांपेक्षा जुनी असून चालत नाही. २००८ आणि २०१६. करा वजाबाकी. चौकशी दाबायला पैसेसुद्धा लागत नाहीत, नुसतं कॅलेंडर लागतं. ‘अभिप्रायार्थ सादर’, ‘मूळ नस्ती आढळून येत नाही’, ‘पुनश्च सादर करावे’... झाली आठ वर्षं.

आणि याच राज्यात २००५ चा कायदा आहे, एका टेबलावर फाइल साधारणपणे कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त राहू नये. हेतुपुरस्सर उशीर करणाऱ्यावर काय व्हावं? शिस्तभंगाची कारवाई. हसा आता.

त्यामुळे मित्रहो, आदेश आला की नाचू नका. दोषारोपपत्र कोणत्या तारखेला बजावलं ते विचारा, साहेब कधी निवृत्त होतायत ते विचारा. याचिका करणार असाल तर नुसता ‘निर्णय घ्या’ मागू नका, चौकशीचा एकेक टप्पा तारखेसकट मागा. कोर्ट देईलच असं नाही. पण मागा तरी.

फार चिडून लिहिलं का? असेल. त्या बाईची जमीन, विचाराल म्हणून सांगते, अपिलात परत मिळाली, अंगठा खोटा ठरला. तो उमटवला कुणी, हे ठरवायची गरज कुणालाच वाटली नाही. बाई अजून दर आषाढात मामाकडे पायलीभर ज्वारी आणून देते.

दुपारी मामाचा फोन आला. कात्रण त्याच्यापर्यंतही पोचलं होतं. मला वाटलं, आता हा चिडणार. तो म्हणाला, “अगं, त्या याचिकावाल्याचा नंबर मिळेल का कुठून? त्याला सांग, आठवडे मोजायला आजच सुरुवात कर. आणि प्रत स्वतः नेऊन दे, पोच घे.”