बानिओनिस नट कुठला? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. तिखट लिहिलंत, पण मुद्द्याला धरून लिहिलंत, म्हणून उत्तरही जरा ऐसपैस देतो.

तुमचा आक्षेप असा, की दोनातास बानिओनिसला जग आंद्रेई तार्कोव्हस्कीच्या ‘सोलारिस’ या सिनेमामुळे ओळखतं, तरी मी त्याला ‘लिथुआनियन रंगभूमीचा नट’ म्हणून मिरवलं. शिवाय मॉस्कोने डोक्यावर घेतलं नसतं, तर तेव्हा सोव्हिएत संघात असलेल्या लिथुआनियातल्या पानेवेझिससारख्या आडगावच्या नाटक मंडळीला कुणी विचारलंही नसतं.

मॉस्कोबद्दलचं अर्धं मान्य. १९७४ साली त्याला ‘सोव्हिएत संघाचा लोककलाकार’ हा किताब मिळाला, त्यात सिनेमाचा वाटा मोठा होता. राजवट मेहेरबान होती, यात वाद नाही.

पण क्रम बघा. कौनासमध्ये मातीची भांडी घडवायला शिकणारा हा पोरगा १९४१ साली दिग्दर्शक युओझास मिल्तिनिसच्या पानेवेझिसच्या मंडळीत शिरला. मिल्तिनिस पॅरिसला फ्रेंच नाट्यदिग्दर्शक शार्ल द्यूलँकडे शिकून आलेला, नटांना तालमीइतकंच वाचायलाही लावणारा माणूस. १९५४ मध्ये त्याला पदावरून हटवलं, १९५९ मध्ये परत आणलं. राजवटीच्या मर्जीतल्यांत त्याची गणना करणं अवघड आहे! बानिओनिस या सगळ्या काळात तिथेच होता. ‘कुणालाच मरायचं नव्हतं’ हा सिनेमा आला तेव्हा त्याने चाळिशी ओलांडली होती. त्यासाठी १९६६ मध्ये कार्लोव्ही व्हारीच्या चित्रपट महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं, ते वीसेक वर्षांहून जास्त तालमी करून झाल्यावर. पुढे नाव झाल्यावरही त्याने मुक्काम हलवला नाही. १९८० मध्ये मिल्तिनिसनंतर मंडळीची धुरा त्यानेच घेतली. उलट मॉस्को-लेनिनग्राडचे रसिक, भाषा कळत नसताना, नाटक बघायला पानेवेझिस गाठायचे.

आता ‘सोलारिस’. इथे साक्षीदार तुमच्याच बाजूचा घेतो. तार्कोव्हस्कीने पुढे तक्रारीच्या सुरात लिहिलं, की बानिओनिसला प्रत्येक गोष्टीचं ‘का’ आणि ‘कशासाठी’ आधी कळावं लागतं, भूमिका आधी रचल्याशिवाय तो काम करू शकत नाही, आणि ही खोड नाटकातली आहे. दिग्दर्शकाला नटाच्या अंगातलं नाटक काढता आलं नाही, आणि तुम्ही म्हणता मी ते त्याला चिकटवलं!

आणखी एक. रशियन ‘सोलारिस’मध्ये त्याने साकारलेल्या नायकाचा, केल्व्हिनचा, आवाज बानिओनिसचा नाहीच, व्लादिमीर झामान्स्कीचा आहे. म्हणजे ज्या सिनेमामुळे जग त्याला ओळखतं, त्यात निम्मा नट गायब. पूर्ण नट पाहायचा, तर पानेवेझिसलाच जावं लागे. तो प्रयोग तुम्हाला-मला आता दिसणार नाही, म्हणून पुन्हा ‘सोलारिस’ लावाल तेव्हा केल्व्हिन बोलतो ती दृश्यं सोडा, तो समोरच्याचं ऐकत असतो ती बघा. तिथे उसनं काही नाही. त्यानंतरही तुमचं मत तेच राहिलं, तर जरूर कळवा.