सामायिक फाइल काढायची का?

पत्ते आणि पावत्या यांची नोंद ठेवणारे माझे जुने सॉफ्टवेअर विंडोज एक्सपीच्या काळातले होते. एक्सपीचा सपोर्ट ८ एप्रिल २०१४ रोजी संपला आणि पुढे विंडोज ७ चाही १४ जानेवारी २०२० रोजी संपला, पण या घडामोडींची वार्ता त्या सॉफ्टवेअरपर्यंत कोणी पोहोचवली नसावी. नव्या विंडोजवरही ते, उघडताना परवानगी मागत आणि बटणांवरची अर्धी अक्षरे गिळत, निष्ठेने चालत राहिले. अखेर त्याच्या जागी नवे सॉफ्टवेअर आले, सगळ्या नोंदी तिकडे सुखरूप गेल्या आणि जुन्याला रीतसर अनइन्स्टॉल करायचे ठरले.

हे काम एका बटणाचे असते असा सार्वत्रिक समज आहे. बटण एकच असते हे खरे, पण ते दाबल्यावर संगणक जे प्रश्न विचारू लागतो ते ऐकून आपण अर्जदार आहोत की आरोपी, असा संभ्रम पडतो. ‘पुढील सामायिक फाइल आता कोणताही प्रोग्राम वापरत नसावा असे दिसते. ती काढून टाकल्यास, एखादा प्रोग्राम ती वापरत असेल तर तो चालणार नाही. काढून टाकायची का?’ ज्याने ती फाइल कुठे ठेवली, कोणासाठी ठेवली आणि कोण वापरते याची नोंद ठेवली, तो संगणक हा प्रश्न मला विचारतो; आणि मी तर त्या फाइलचे नाव आयुष्यात प्रथमच वाचत असतो. अशा वेळी मी ‘नाही’ म्हणतो. फाइल राहिल्याने थोडी जागा अडते, गेल्याने काय काय अडेल ते सांगता येत नाही. मग दुसऱ्या फाइलचे नाव येते, मग तिसऱ्या, आणि मी ‘नाही’, ‘नाही’ म्हणत चिवटपणे बसून राहतो.

एवढे करूनही संगणक पुन्हा सुरू केल्यावर, ज्याचा पावत्यांशी काडीचाही संबंध नाही असा छायाचित्रे लहान करणारा एक प्रोग्राम उघडेना. त्याने चौकट दाखवली, ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल ही फाइल तुमच्या संगणकावर नसल्यामुळे हा प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही. प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करून पाहा.’ या चौकटीत बटण एकच असते आणि त्यावर ‘ओके’ लिहिलेले असते. काहीही ओके नसताना ते दाबावे लागते, हे मला विशेष खटकते. ज्या फायलींविषयी मला विचारले गेले होते त्या सगळ्या शाबूत होत्या; जी गेली होती तिच्याविषयी कोणी विचारलेच नव्हते.

हे कसे घडते ते कळल्यावर रागाची जागा कुतूहलाने घेतली. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायची तयार सामग्री, शेजाऱ्यांनी मिळून वापरलेल्या शिडीसारखी. आणि ती कोणाकोणाची आहे याचा हिशेब विंडोजच्या रजिस्ट्रीत, म्हणजे त्याच्या अंतर्गत नोंदवहीत, एका आकड्याने ठेवला जातो. प्रोग्राम इन्स्टॉल होताना त्याने आकडा एकाने वाढवायचा, जाताना एकाने कमी करायचा, आणि आकडा शून्यावर आला तरच काढण्याची गोष्ट करायची. व्यवस्था चोख आहे, फक्त ती पाळणे प्रत्येकाच्या सौजन्यावर सोडलेले आहे. माझे जुने सॉफ्टवेअर आकड्याच्या भानगडीत न पडता स्वतःची फाइल आणून ठेवणारे आणि जाताना घेऊन जाणारे निघाले. छायाचित्रांच्या प्रोग्रामने तर ती कधी आणलीच नव्हती. ‘असेल कुठेतरी’ या भरवशावर त्याचा निर्माता निर्धास्त होता. त्यामुळे तो प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करण्याचा सल्ला म्हणजे आजार म्हशीला आणि औषध पखालीला.

ही एकच फाइल फुकट देऊ करणारी संकेतस्थळे इंटरनेटवर पुष्कळ आहेत. तिथे ‘डाउनलोड’ लिहिलेली हिरवी बटणे इतकी असतात की खरे कोणते हे ओळखणे हीच एक परीक्षा असते, आणि उत्तीर्ण झाल्यावर मिळणारी फाइल कोणाच्या हातची, कोणत्या आवृत्तीची आणि सोबत काय घेऊन आलेली आहे याची हमी कोणी देत नाही. मी भाच्याला फोन केला.

“मामा, डीएलएल एकटी आणायची नसते. व्हिज्युअल सी++ २०१० चं रीडिस्ट्रिब्युटेबल टाका, म्हणजे अशा फायलींचं अख्खं पॅकेज. आणि ३२ बिटचं टाका.”

“पण माझं विंडोज ६४ बिटचं आहे.”

“विंडोज आहे हो. प्रोग्राम नाहीये.”

फाइलच्या नावातले शंभर म्हणजे व्हिज्युअल सी++ ची २०१० ची आवृत्ती हेही त्यानेच सांगितले. २०१२ साठी ११०, २०१३ साठी १२० आणि २०१५ साठी थेट १४० असा हा क्रम आहे. १३० गाळण्यामागे तेराच्या आकड्याची धास्ती असावी, असा माझा आपला कयास. मात्र खरी करमणूक फोल्डरांच्या नावांत आहे. ६४ बिटच्या विंडोजमध्ये ‘सिस्टिम३२’ या फोल्डरात ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या फायली ‘सिसवॉव६४’ मध्ये. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा! असंख्य जुन्या प्रोग्रामांत ‘सिस्टिम३२’ हे नाव थेट लिहून ठेवलेले असल्यामुळे ते बदलता आले नाही, हे कारण पटण्यासारखे आहे. पण नावावर विश्वासून ३२ बिटची फाइल ‘सिस्टिम३२’ मध्ये नेऊन ठेवणाऱ्या सज्जनाचे काय? आणि ३२ बिटच्या प्रोग्रामच्या पदरी चुकून ६४ बिटची फाइल पडली, तर तो ती नाही असे म्हणत नाही, ‘०एक्ससी०००००७बी’ एवढेच म्हणतो. त्यापेक्षा पहिली तक्रार निदान वाचता तरी येत होती.

पॅकेज टाकले आणि छायाचित्रे पुन्हा लहान होऊ लागली. त्यानंतर भाचा घरी आला असता आम्ही इन्स्टॉल केलेल्या प्रोग्रामांची यादी उघडली. पावत्यांच्या सॉफ्टवेअरचे नाव तिथून गेले होते, पण त्याचा फाँट, त्याचा रिकामा फोल्डर आणि त्याने केव्हातरी बसवलेला एक काल्पनिक प्रिंटर जागच्या जागी होता. प्रिंटर त्याने लगेच काढला. खाली व्हिज्युअल सी++ च्या नोंदी एकाखाली एक उभ्या होत्या, २०१० ची नवी, तिच्यावर २००८ ची आणि सर्वांत वर २००५ ची.

“ही २००५ ची कोण वापरतं?” मी विचारले.

“ते काढून बघितल्याशिवाय कळायचं नाही, मामा.”

ती अजून तिथेच आहे.