बार्टी पळाली नाही, तिचं खेळून झालं होतं

आमच्या पालकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर आठवडाभर एक मेसेज फिरतोय. सार असं: ऑस्ट्रेलियाची अ‍ॅश बार्टी जगात पहिल्या क्रमांकावर असताना 25व्या वर्षी टेनिस सोडून गेली. हरायची भीती वाटली, लग्न करायचं होतं, कष्ट झेपले नाहीत. तेव्हा पोरींना खेळात घालून पैसा आणि वर्षं वाया घालवू नका. माझी लेक सोलापुरात कुमठा नाक्याला टेनिस खेळते, म्हणून तिघांनी तो मला मुद्दाम पाठवला. चिडूनच लिहितोय.

भीतीचं आधी घेतो. 29 जानेवारी 2022, मेलबर्न, ऑस्ट्रेलियन ओपनची फायनल. समोर अमेरिकेची डॅनिएल कॉलिन्स. 1978 नंतर एकाही ऑस्ट्रेलियन बाईनं ही एकेरीची स्पर्धा जिंकली नव्हती आणि सगळं स्टेडियम बार्टीकडे डोळे लावून बसलेलं. पहिला सेट 6-3 जिंकला, दुसऱ्यात मात्र गेममध्ये 1-5 अशी मागे पडली, म्हणजे आणखी एक गेम गेला की सेट गेला. इथं बहुतेक जण तो सेट सोडून देतात आणि तिसऱ्यासाठी दम राखतात. कॉलिन्स सेट संपवायला दोनदा सर्व्हिसला आली, दोन्ही वेळा बार्टीनं तिची सर्व्हिस मोडली, म्हणजे तिच्या सर्व्हिसचा गेम जिंकला, आणि 6-6 नंतरचा निर्णायक गेम, टायब्रेक, 7-2नं घेतला. अख्ख्या स्पर्धेत एकही सेट गमावला नाही. हा तिचा एकेरीचा शेवटचा सामना. भित्रं माणूस 1-5 वरून असं खेळत नाही हो. पुढे मार्चमध्ये निवृत्ती जाहीर केली, क्रमवारीतून नाव काढायला तिनंच सांगितलं.

आता लग्न. जुलै 2022 मध्ये ते झालं, पुढच्या वर्षी मुलगा झाला, हे खरं. पण 2014 मध्ये, 18 वर्षांची असतानाही तिनं टेनिस सोडलं होतं. तेव्हा कुठलं लग्न? 15व्या वर्षी ज्युनिअर विम्बल्डन जिंकल्यावर सतत घरापासून लांब राहून ती थकली होती. मधल्या काळात ब्रिस्बेन हीट संघाकडून बिग बॅश या ऑस्ट्रेलियातल्या लीगमध्ये क्रिकेट खेळली आणि 2016 मध्ये परत आली. 2017 संपताना ती जगात 17वी होती. मग 2019 ला फ्रेंच ओपन, 2021 ला विम्बल्डन, 2022 ला मेलबर्न. माती, गवत, हार्ड कोर्ट, तिन्हींवर.

आणि स्वीडनचा ब्योर्न बोर्ग? 11 ग्रँड स्लॅम, म्हणजे टेनिसमधल्या सगळ्यात मोठ्या स्पर्धा, जिंकून त्यानं 26व्या वर्षी टेनिस सोडलं. ते पाहून मुलांना खेळायला पाठवू नका, असा मेसेज मला आजवर कुणी पाठवलेला नाही.

कष्ट झेपले नाहीत म्हणणाऱ्यांनी वर्षं मोजावीत. चौथ्या-पाचव्या वर्षी रॅकेट हातात आली, म्हणजे सोडताना वीस वर्षं खेळून झाली होती. 2021 मध्ये ऑस्ट्रेलियातल्या कोविडच्या निर्बंधांमुळे ती सुमारे सहा महिने घरी जाऊ शकली नाही, त्याच दौऱ्यात विम्बल्डन जिंकलं. आपल्यात जेवढं होतं तेवढं देऊन झालं, असं तिनं सोडताना सांगितलं. मला ते पटतं.

राहिला पैसा. इथं मेसेजवाल्यांचं थोडं खरं आहे, टेनिस महाग आहे. दर थोड्या दिवसांनी रॅकेटचं गटिंग, म्हणजे तारांची जाळी, तुटतं, बुटांचे पुढचे तळ आधी झिजतात, प्रवासाचं तर विचारूच नका. आमची पोरगी बार्टी होणार नाही, हे मलाही कळतं. शेजारच्या काकू रोज विचारतात, "कशाला पळवालाव हो पोरीला?" मी त्यांना सांगतो, ती स्वतः साडेपाचला उठते, मी फक्त गाडी काढतो. चौदा वर्षांची पोर स्वतःच स्वतःची सर्व्हिस मोजते, हरली तरी नेटपाशी जाऊन हात मिळवते. यात वाया काय गेलं, ते मला दाखवा.

मेसेज वाचून परवा रात्री मी आणि लेकीनं तो 1-5 वाला सेट मोबाइलवर पाहिला. मला वाटलं, सोडण्याबद्दल काही विचारेल. तिनं व्हिडिओ थांबवला, मागे नेला आणि म्हणाली, "बाबा, स्लाइस मारताना तिचा खांदा बघा ना." स्लाइस म्हणजे चेंडू खालून कापल्यासारखा मारायचा फटका. सकाळी कोर्टवर अर्धा तास तेवढंच चाललं होतं.