फुगा सोडून द्या, माग ऐकवा

हरवलेल्या निरागसपणावर शॉर्टफिल्म म्हटलं की आपल्याकडची पोरं आधी फुगा आणतात. फुगा सुटतो, स्लो मोशन, मागं पियानो. नाहीतर गड्ड्याच्या जत्रेतला पाळणा आणि खाली रडणारं पोरगं. वर म्हणायचं, 'एक्सपरिमेंटल' आहे!

सोलापुरात यंत्रमागाची खडखड फुकट मिळते. सात वर्षांच्या पोराला तीच अंगाई, सतराव्या वर्षी तीच कामाची पाळी. संवाद कशाला हवेत?

लहानपणाच्या शॉट्ससाठी खडखड कारखान्याच्या बंद दाराबाहेरून घ्या आणि एडिटमध्ये साधारण 500 हर्ट्झच्या वरचे चढे, तीक्ष्ण सूर कापा. भिंतीपलीकडून आल्यासारखी ऐकू येते. मोठेपणी माईक मागापासून दीड-दोन मीटरवर न्या, धोट्याचा (आडवा धागा इकडून तिकडं नेणाऱ्या तुकड्याचा) फटका कोरडा बसला पाहिजे. फोनवर ऑटो गेन, म्हणजे आवाजाची पातळी आपोआप कमीजास्त करणारी सोय, चालू राहिला तर प्रत्येक फटक्यानंतर आवाज दबतो आणि परत फुगतो. ती सोय बंद करा. सगळ्यात मोठा फटका रेकॉर्डिंगच्या मीटरवर उणे 12 ते उणे 6 डीबीत बसवा, कारण फाटलेला आवाज नंतर सांधता येत नाही. माग बंद असतानाची एक मिनिटाची शांतताही रेकॉर्ड करा. तिच्याऐवजी टाइमलाइन नुसती रिकामी सोडली तर लोकांना स्पीकर गेला असं वाटतं.

कॅमेऱ्याचं एकच पथ्य. सात वर्षांच्या पोराच्या डोळ्यांची उंची साधारण साडेतीन फूट, ट्रायपॉड तिथं लावा आणि शेवटपर्यंत हलवू नका. सतरा वर्षांचा उभा राहिला की डोकं फ्रेमबाहेर जातं, उरतात फक्त धाग्याची कांडी बदलणारे हात. ट्यूबलाइटखाली सेकंदाला 25 फ्रेम आणि 1/50 सेकंद शटर ठेवा. आपली वीज 50 हर्ट्झची, 1/60 वर पट्टे सरकतात. एप्रिल-मेमध्ये फोन तापून बंद पडतो, सकाळी दहाच्या आत उरका.

पोरगं 14 च्या आतलं असेल तर बालकामगार कायद्याच्या 2017 च्या सुधारित नियमांप्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला पाच तासांच्या वर काम नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती, मानधनातले किमान 20 टक्के त्याच्या नावावर मुदत ठेवीत. बालपण हरवल्याची फिल्म करायची आणि पोराला रात्री अकरापर्यंत जागवायचं, हा प्रयोग नको.

आणि त्याला 'उदास हो' सांगू नका, तोंड वाकडं करून दाखवेल. भिंतीला कान लावायला सांगा, फटके मोजायला सांगा. पन्नाशीच्या आसपास गणती चुकते, तेव्हा कॅमेरा चालू असू द्या.