अभ्याचे चौतीस गोटे

नवतपा, म्हणजे मे अखेरचे ते तापलेले नऊ दिवस, लागला की आमचा रविवारचा कट्टा सकाळी सातलाच भरतो. आठनंतर प्रतापनगर चौकातल्या त्या कडुनिंबाची सावली फक्त पोहेवाल्याच्या गंजापुरती, म्हणजे पातेल्यापुरती, उरते. आणि तो गंज हलवत नाही.

नित्या सगळ्यात शेवटी आला, कारण सध्या त्याचा सीझन. त्याचं मोटार रिवायंडिंगचं दुकान आहे. मे महिन्यात नागपुरातले लोक देवळात कमी आणि त्याच्या काउंटरवर जास्त हात जोडतात. रात्री दहाला शटर पाडून तो दोनपर्यंत खेळतो आणि एल्डन रिंग हा व्हिडिओ गेम त्यानं दोनदा संपवला आहे. अभ्याचं उलट. २०२२च्या फेब्रुवारीत आलेला गेम त्यानं मागच्या डिसेंबरात घेतला. मधल्या प्रत्येक सेलमध्ये किंमत उतरली की 'अजून उतरंल' म्हणून हा थांबला. सरकारी ऑफिसात अकाउंट्सला आहे, एवढं सांगितलं की बाकी सांगावं लागत नाही.

ज्यांनी गेम खेळला आहे त्यांना पुढची भांडणं समजावून सांगायची गरज नाही. ज्यांनी नाही खेळला त्यांनी पोह्यांपुरतं वाचावं आणि एवढंच ध्यानात ठेवावं: ऐरणीवर हत्यारात गोटे, म्हणजे स्मिथिंग स्टोन, घातले की ते प्लस वन, प्लस टू असं धारदार होत जातं, आणि लेव्हल वाढवली की आपल्या पात्राच्या अंगातले पॉइंट वाढतात.

"किती झाले?" नित्यानं बसता बसता विचारलं.

"त्रेसष्ट," अभ्या म्हणाला. मार्गिट या सुरुवातीच्या बॉसच्या हातून मेल्याचा आकडा. एक्सेलमध्ये लिहून ठेवतो तो, तारखेसकट.

"अन् तलवार?"

"उचिगाताना."

"ते ठाऊक आहे. प्लस किती?"

अभ्यानं कांद्याची फोड उचलली, पुन्हा ठेवली. "झिरो."

"गोटे किती आहेत जवळ?"

"स्टोन म्हण. एक नंबरचे चौतीस."

नित्यानं प्लेट खाली ठेवली. नित्या पोह्याची प्लेट खाली ठेवतो म्हणजे काय हे कट्ट्याला माहीत आहे. "अबे, बारा गोट्यात प्लस थ्री होते! पहिल्याले दोन, दुसऱ्याले चार, तिसऱ्याले सहा. चर्च ऑफ एलेमंदी ऐरण ठेवलीच आहे, गेम सुरू केल्यावर पाच मिनटात भेटते. चौतीस गोटे घेऊन तू काय पांढुर्ण्याच्या गोटमारीले चाल्ला का?"

"पोळ्याले टाइम आहे अजून," राहुल्या म्हणाला.

"त्याले काय, वाट पाहाची सवय आहे."

इथं खरं तर विषय संपायला हवा होता. पण अभ्याकडे थिअरी असते. मेल्यावर रून्स, म्हणजे गेममधले पैसे, सांडतात, उचलायला जाताना पुन्हा मेलास तर गेले कायमचे. स्टोन सांडत नाहीत. म्हणजे रून्स ही खिशातली कॅश आणि स्टोन ही एफडी. शहाणा माणूस एफडी मोडत नाही.

"एफडीवर व्याज भेटते," नित्या म्हणाला. "तुया गोट्यांवर किती येऊन रायलं?"

"पण एकदा तलवारीत घातले तर परत येत नाईत ना! लेव्हलचं तसं नाई. रेनालाकडे लार्व्हल टिअर दिला की सगळे पॉइंट मोकळे, पुन्हा वाटा. स्टोनचं कोणी परत देते का? म्हून मी म्हंतो, आधी लेव्हल वाढवाची, मंग हत्यार."

हे अभ्याचं सगळ्यात तगडं वाक्य होतं आणि ते खरंही आहे. घातलेला स्टोन गेला तो गेला. फक्त रेनाला ही पुढची बॉस. तिच्यापर्यंतच्या सरळ वाटेवर स्टॉर्मव्हेलचा किल्ला आहे आणि त्याच्या दारात मार्गिट उभा आहे, हे तो विसरला.

"केस कापले का परत जोडता येतात? म्हून कटिंग करत नाईस का तू?"

"केस उगवतात."

"गोटेही उगवते बे! राया लुकारियाच्या क्रिस्टल टनेलमंदी बॉस मार, बेल बेअरिंग भेटते. ते राउंडटेबलवरच्या त्या दोघी म्हाताऱ्यांकडे दे. मंग एक नंबरचे, दोन नंबरचे, पाह्यजे तितके विकत घे. तू ज्याची एफडी करून रायला, तो पुढं किराणा दुकानातला माल आहे."

"पण ते पुढं. आत्ता तर नाई ना?"

"आत्ता नाई म्हून आत्ता लागते!"

राहुल्यानं मधेच सांगितलं की त्याच्याकडे पाच हत्यारं आहेत आणि पाचही त्यानं प्लस सिक्सवर आणून ठेवली आहेत, कोणावर अन्याय नको. त्याच्याकडे कोणी लक्ष दिलं नाही. पाच जावयांना सारखा आहेर करणाऱ्या सासऱ्यासारखा तो गप्प झाला. माझंही पहिल्या वेळी हेच झालं होतं. मोठी तलवार दिसली की तिच्यात स्टोन, मग भाला आवडला की भाल्यात. शेवटी राडान नावाच्या बॉससमोर गेलो तेव्हा जवळ सगळं होतं आणि धार एकालाही नव्हती. हे मी बोललो नाही. नित्याच्या दुकानात माझ्या कूलरची मोटार तीन दिवसांपासून उघडी पडली आहे, अशा वेळी माणसानं त्याच्या बाजूनं राहावं.

अभ्यानं मोबाइल काढला. एक्सेल आलं. "हे पाह्य. एक तलवार पूर्ण कराले एका नंबरचे बारा, असे आठ नंबर, म्हणजे शहाण्णव स्टोन. वरून प्लस ट्वेंटीफाइव्हले एन्शंट ड्रॅगनचा एक. आता शहाण्णव मी एका तलवारीत घातले अन् पुढं चांगली भेटली तर?"

"ड्रॅगनचा गोटा जपून वापर, ते मी मानतो. तो मोजून भेटते. पण तू एक नंबरच्या गोट्याले ड्रॅगनच्या भावानं मोजून रायला."

"अन् उचिगातानाचं ब्लीड प्लस झिरोलेही तेवढंच होते," अभ्यानं आवाज चढवला. "साध्या अपग्रेडनं ब्लीड वाढत नाई, वाच कुठंही. रक्त निघालं का मोठ्यातल्या मोठ्या बॉसचं लाइफही पर्सेंटमंदी जाते."

आता हेही खरं आहे. अभ्याची अडचण अशी की त्याचं सगळं खरं असतं.

नित्यानं शांतपणे तर्रीतला चणा चमच्यावर घेतला. "मंग त्रेसष्ट वेळा कोणाचं रक्त निघालं?"

पोहेवाला सुद्धा हसला. त्याला विषय कळला नव्हता, पण सूर कळतो.

"अन् अपग्रेडनं नुसता धारेचा आकडा वाढत नाई," नित्या पुढं म्हणाला, "तुया डेक्स्टेरिटीचा, हाताच्या चपळाईचा, फायदाही वाढते. तू लेव्हल वाढवून रायला, अन् ते पॉइंट बोथट तलवारीत चाल्ले. मोटार नवीन अन् पंख्याचं पातं वाकडं. हवा येईन का?"

"तुले सगळीकडे मोटारच दिसते."

"मले बॅट पण दिसते."

झालं. बॅट निघाली. ती दर दोन-तीन महिन्यांनी निघतेच, आज जरा लवकर निघाली.

नववीत अभ्याच्या मामानं मेरठहून बॅट आणली होती. खरी, सीझनची. अभ्या रोज संध्याकाळी अंगणात बसून तिला जवसाचं तेल लावायचा, चिंधीनं, एकाच दिशेनं, आणि मग जुन्या बॉलनं टकटक ठोकायचा. आम्ही भिंतीवर बसून बघायचो. हात लावू देत नव्हता. बॅट फायनलसाठी होती. इंटरस्कूलच्या सेमीफायनलला आम्ही शाळेच्या फुटक्या बॅटनं खेळलो आणि चार रनांनी हरलो. फायनल आलीच नाही. त्याच्या पुढच्या पावसाळ्यात माळ्यावरून बॅट काढली तर दांड्यापासून खाली उधईनं नुसती माती करून ठेवली होती. तेलाचा वास मात्र तसाच होता.

"चार रनानं," नित्या म्हणाला.

"तू शून्यावर आउट झाला होता."

"फुटक्या बॅटनं!"

"बोल्ड झाला होता तू! बॅटीले बॉल लागलाच नाई, ते फुटकी का नवी, काय संबंध?"

आता दोघेही उभे. राहुल्यानं चहा सांगितला. एवढ्यात अभ्याच्या ऑफिसवर गाडी घसरली आणि नित्यानं त्या दिवसाचं वाक्य टाकलं: "विदर्भाचा अनुशेष, अनुशेष म्हंतात तो हाच. निधी मंजूर, निधी जमा, अन् रस्ता प्लस झिरो."

"अन् मार्चएन्डले घाईघाईत उडवला का काय होते तेही पाह्य," अभ्यानं लगेच फिरवलं. "एकाच फुटपाथचे गट्टू तीनदा बदलते. तसं कराचं का मी?"

मान्य करतो, इथं एक पॉइंट अभ्याचा. नित्या सुद्धा दोन सेकंद थांबला. मग त्यानं आवाज उतरवून विचारलं, आणि नित्यानं आवाज उतरवला की समजायचं, मोटारीत बोट घातलं. "अभ्या, खरं सांग. कोणासाठी राखून रायला तू हे गोटे?"

अभ्या बोलेना.

"सांग ना बे. आम्ही काय चोरून रायलो का?"

"मूनव्हेलसाठी."

म्हणजे एवढं सगळं एफडी, एक्सेल, शहाण्णवचा हिशेब, आणि आतून भाऊ प्रेमात पडलेले. कुठल्याशा व्हिडिओत ती निळी लाट सोडणारी कटाना पाहिली होती आणि तेव्हापासून उचिगाताना म्हणजे नुसतं स्थळ येईपर्यंतचं.

नित्यानं चहाचा कप खाली ठेवला. हसला नाही. डॉक्टर रिपोर्ट सांगतात तसं सांगितलं. "मूनव्हेलले हे गोटे लागतच नाईत."

"म्हणजे?"

"तिले सोम्बर लागते. वेगळे. एका लेव्हलले एक, दहा लेव्हल, झाली फुल. तुये चौतीस काय अन् चौतीसशे काय, मूनव्हेल त्यातला एक खात नाई."

राहुल्या इतका हसला की त्याला ठसका लागला आणि तर्री नाकात गेली. डबल तर्री नाकात जाणं काय असतं ते भोगल्याशिवाय कळत नाही. पोहेवाल्यानं पाण्याचा जग डोक्यावर ओतला.

"अन् ते गेल टनेलमंदी आहे," नित्या थांबायला तयार नव्हता, "मॅग्मा वर्म मारा लागते. ते मारली तरी हातात धराले इंटेलिजन्स तेवीस पाह्यजे. तुयं किती?"

"नऊ."

"गेममधलं विचारून रायलो."

"मीही गेममधलंच सांगून रायलो!"

यावर मात्र अभ्या स्वतःच हसला. हसला म्हणजे आधी दाबलं, मग खांदे हलायला लागले. सामुराय हे पात्र घेतलं की सुरुवात नऊवरच होते, त्यात त्याचा काही दोष नाही, पण हे सांगायला त्या वेळी कोणी मोकळं नव्हतं.

मग माझं लक्ष त्याच्या प्लेटकडे गेलं. अभ्या पोह्यावर तर्री ओतून घेत नाही. वेगळ्या वाटीत घेतो, शेवटच्या घासांना मजा यावी म्हणून. पोहे कोरडे कोरडे संपले होते. वाटी भरलेली, वर तेलाचा लाल तवंग थंड होऊन कडेला चिकटलेला, आणि सांबाराची, म्हणजे कोथिंबिरीची, दोन पानं त्यात अडकलेली.

"भाऊ," अभ्या पोहेवाल्याला म्हणाला, "हाफ प्लेट पोहे द्या. तर्री उरली."

पोहेवाल्यानं हाफ दिले. थंड तर्री त्यावर पुरेना.

"भाऊ, थोडी गरम तर्री?"

"वाटीत देऊ का वरून?"

आम्ही तिघं श्वास रोखून.

"वाटीत द्या," अभ्या म्हणाला.

नित्या तिथून उठून सरळ गाडीकडेच गेला. हसत होता की रडत होता ते पाठमोरं कळलं नाही. पैसे नेहमीप्रमाणे मी दिले, अभ्यानं त्याच्या वाट्याचे त्रेपन्न रुपये पन्नास पैसे जागच्या जागी पाठवले.

रात्री दीड वाजता ग्रुपवर अभ्याचा फोटो आला. चर्च ऑफ एले, ऐरण, खाली स्टोनची संख्या: बावीस. म्हणजे बारा खर्च केले! मी झोपेत होतो तरी उठून बसलो. नित्याचे लागोपाठ तीन नमस्कार येऊन पडले.

मग फोटो मोठा करून पाहिला. प्लस थ्री झाला होता तो एक साधा डॅगर.

खाली अभ्यानं लिहिलं होतं, 'ट्रायल म्हणून घेतला. तलवारीत घालायच्या आधी पाहून घ्यावं म्हटलं.'

नित्या लिहितो आहे, असं बराच वेळ दिसत राहिलं. मग दिसायचं थांबलं. माझी मोटार अजून मिळालेली नाही.