“तिकडे जमलं नाही म्हणून इकडे आला”

व्हिएतनामच्या बास्केटबॉल लीगमध्ये खेळायला गेलेल्या व्हिएतनामी-अमेरिकन पोरांचा विषय निघाला की हे वाक्य कुणीतरी टाकतंच: अमेरिकेत जमलं नाही म्हणून व्हिएतनामला आला. आज पुन्हा टाकलं, आणि तेही रोज बास्केटबॉल बघणाऱ्या माणसाने, म्हणून जास्त लागलं. तिथल्या तिथे दोन ओळींत उत्तर देता येईना. इथे सविस्तर लिहितो. लांबलंय, आधीच सांगून ठेवतो.

तिकडे म्हणजे नेमकं कुठे? एनबीए, म्हणजे अमेरिकेची अव्वल लीग, तिचे ३० संघ, प्रत्येकाकडे १५ पक्के करार. म्हणजे ४५० जागा, त्याही अख्ख्या जगासाठी. अमेरिकन कॉलेजांच्या नुसत्या पहिल्या विभागात साडेतीनशेच्या वर संघ आहेत. आता ज्याने त्याने हिशेब करावा. कॉलेजातून बाहेर पडलेला अमेरिकन पोरगा ग्रीसला, तुर्कस्तानला, लिथुआनियाला पगारावर खेळायला गेला की तो ‘प्रोफेशनल’. त्याच पोराचे आईवडील व्हिएतनामी निघाले आणि तो सायगावला गेला, की लगेच तो नापास? हे कुठलं तर्कशास्त्र?

दिन्ह भाऊ घ्या. ताम दिन्ह आणि सांग दिन्ह, सख्खे भाऊ, व्हिएतनामी-अमेरिकन. २०१९ च्या सी गेम्समध्ये (आग्नेय आशियाई देशांच्या क्रीडास्पर्धेत), फिलिपीन्समध्ये, हे दोघे जस्टिन यंग आणि ख्रिस डिअर्करसोबत थ्री बाय थ्री, म्हणजे तीन विरुद्ध तीनचं बास्केटबॉल, खेळले आणि व्हिएतनामला ब्राँझ मिळालं. त्याच स्पर्धेत पाच जणांच्या संघानेही ब्राँझ घेतलं, इंडोनेशियाला मागे टाकून. त्याआधी व्हिएतनामच्या पुरुषांकडे सी गेम्समधलं बास्केटबॉलचं एकही पदक नव्हतं. एकही. फुटबॉलवेड्या देशात एकाच स्पर्धेत दोन आली. हे ‘न जमलेल्यांनी’ केलं म्हणे.

आणि थ्री बाय थ्रीचं पदक म्हणजे गल्लीतला खेळ, असंही कुणी समजू नये. अर्धं कोर्ट, संघात एकूण चार जण, दहा मिनिटं किंवा २१ गुण यांपैकी जे आधी होईल ते. शॉट क्लॉक, म्हणजे शॉट मारायची मुदत, १२ सेकंदांचा, म्हणजे नेहमीच्या निम्मा. चेंडू घेराने सहा नंबरचा आणि वजनाने नेहमीच्या सात नंबरचा, हातात घेतला की पहिले काही दिवस शॉट हमखास चुकतात. सामना चालू असताना कोचला बाजूने सूचना देता येत नाहीत. समोरच्याने स्क्रीन लावून वाट अडवली की आपसांत माणूस बदलायचा की पाठलाग करायचा, फाऊल आता द्यायचे की राखून ठेवायचे, सगळं त्या चौघांनी दम लागलेला असताना ठरवायचं. सार्वजनिक कोर्टवर, पंच नसताना, ‘हरला तो बाहेर’ या कायद्याखाली वाढलेल्या पोराला हे अंगात भिनलेलं असतं. कोचच्या शिट्टीवर वाढलेल्याला ते शिकवायला वर्षं जातात. दिन्ह भाऊ तिथे का चमकले, ते यात आलं.

आता लीगचं. २०१२ मध्ये सायगाव हीट हा संघ आग्नेय आशियाच्या आसियान लीगमध्ये उतरला, व्हिएतनामचा पहिला व्यावसायिक संघ. देशातली स्वतःची लीग, व्हीबीए, आली २०१६ मध्ये, पाच संघांची: सायगाव आणि हो ची मिन्ह सिटी (एकाच शहराचे दोन संघ), हनोई, दानांग, कान थो. पहिलं विजेतेपद दानांगने नेलं. परदेशी खेळाडू किती आणि हेरिटेज, म्हणजे परदेशात वाढलेले व्हिएतनामी वंशाचे, किती यांवर मर्यादा, आणि ती मोसमागणिक थोडीफार बदलत आलेली. या मर्यादेतूनच संघाचा सांगाडा ठरतो. परदेशी जागा बहुतेक वेळा रिंगखालच्या उंच माणसावर जाते, कारण ती उंची स्थानिकांत मिळत नाही. चेंडू आणायचं काम हेरिटेज गार्डकडे. स्थानिक पोरं कोपऱ्यांत उभी राहून दुरून तीन गुणांचे शॉट, थ्री, मारणार.

कागदावर छान दिसतं. बिघडतं कसं, ते ऐका. उंच माणसाला दुसऱ्या क्वार्टरमध्येच तिसरा फाऊल लागतो. कोच त्याला बसवतो, पाचवा लागला तर तो गेलाच. मग समोरच्या दोन मीटरच्या सेंटरला अडवायला कोण? हाच हेरिटेज पोरगा. तिकडे कॉलेजात तो संघातला तिसरा-चौथा पर्याय होता, इकडे चेंडू आणणं, शेवटच्या सेकंदाचा शॉट, रिंगखाली धक्के खाणं, सगळं त्याच्याच गळ्यात. चौथ्या क्वार्टरला पाय संपतात आणि शॉट आखूड पडायला लागतात. बघणारा म्हणतो, “अमेरिकेचा आणि थ्री बसत नाही!”

त्यात नियम बदललेले. २०१९ पर्यंत अमेरिकन कॉलेजच्या पुरुषांची थ्रीची रेषा ६.३२ मीटरवर होती, फिबाची, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाची, ६.७५. हे जवळजवळ अर्ध्या मीटरचं अंतर हातात बसवायला हजारो शॉट लागायचे. तिकडे शॉट क्लॉक ३० सेकंदांचा, इकडे २४, आणि आपलाच चुकलेला शॉट परत मिळवला (आक्रमक रिबाउंड) की फक्त १४. तिकडे अडकलेला खेळाडू स्वतः टाइमआऊट मागू शकतो, फिबात मागणं कोचचं काम. रिंगला लागून वर उडालेला चेंडू फिबात कुणीही टोलवू शकतो, कॉलेजात तो रिंगच्या वर असताना हात लावला की नियमभंग. ही सवय मोडेपर्यंत पोरगा हात वर करून नुसता उभा राहतो आणि समोरचा चेंडू काढून नेतो.

एक मान्य करतो, जिवावर येतंय तरी: हेरिटेज गार्ड ३५ मिनिटं खेळला तर स्थानिक गार्ड तेवढी मिनिटं बेंचवर असतो, आणि बेंचवर बसून कुणी गार्ड होत नाही. ठीक. पण हे ज्याच्या डोक्यावर फोडायचं त्याच्या फोडा. मिनिटं कोच वाटतो, नियम लीग करते. दिन्ह भावांनी कुणाची जागा हिसकावली नाही. २०१९ च्या त्या दोन पदकांनंतर ज्या स्थानिक पोरांना ‘आपणही जिंकू शकतो’ असं वाटलं असेल, त्यांचा हिशेब कोण मांडणार?

माझा खरा राग आहे तो कागदांवर.

फिबाचा नियम असा की सोळावं वर्ष पूर्ण झाल्यावर ज्याने त्या देशाचं नागरिकत्व घेतलं, असा एकच खेळाडू राष्ट्रीय संघात चालतो. जन्मापासून हक्क होता आणि पासपोर्ट नंतर काढला, तरी तो त्याच एका जागेत. आई फिलिपिनो कुळातली असूनही जॉर्डन क्लार्कसन २०२३ च्या विश्वचषकात फिलिपीन्सकडून त्याच जागेवर खेळला. व्हिएतनामचंही तेच. सी गेम्सला मात्र फिबाची ही अट पूर्वी लावत नसत, तिथे पासपोर्ट असला की भागायचं. म्हणून सी गेम्सला संघ तगडा असायचा आणि फिबाच्या पात्रता सामन्यांत अर्धे ओळखीचे चेहरे गायब. लोकांना वाटतं पोरांना देशाची फिकीर नाही. अरे, एकापेक्षा जास्त घेताच येत नाहीत!

आणि सोळाच्या आत पासपोर्ट काढणार कोण? १९७५ मध्ये युद्ध संपल्यावर देश सोडून बोटीने निघालेल्या माणसाने जन्मदाखला सोबत घेतला होता का? जो कागद सापडतो त्यावर आडनाव आधी, मधलं नाव आणि स्वरचिन्हं. अमेरिकन कागदांवर उलटा क्रम, मधलं नाव गायब, चिन्हं गायब. मग दोन्ही कागदांवरचा माणूस एकच आहे हे सिद्ध करत बसा. साक्षांकन, मग वकिलातीचा शिक्का, मग अधिकृत भाषांतर. एका अक्षराचा फरक निघाला की पुन्हा पहिल्यापासून. आणि त्यातल्या कितीजणांनी त्या सरकारच्या दारात पुन्हा उभं न राहायचं ठरवलेलं. त्यांना मी तरी दोष देणार नाही.

एवढं करून पोरगा येतो. भाषा घरातली, मोडकी. मोसम वर्षातले काही महिने. उरलेले महिने शिकवण्या, जाहिराती, थ्री बाय थ्री. आजीच्या गावी जाऊन येतो आणि दुसऱ्या दिवशी सरावाला हजर. आणि आपण इथून म्हणतो, जमलं नाही. लिहिता लिहिता राग ओसरतोय खरं तर, आता नुसतं वाईट वाटतंय.

आपण तर बोलूच नये. सिम भुल्लर आठवतो? २०१५ मध्ये एनबीएत खेळलेला भारतीय वंशाचा पहिला खेळाडू, कॅनडाचा. नंतर वर्षानुवर्षं तैवानमध्ये खेळला. त्याला बोलवेल अशी टिकाऊ पगारी लीग आपल्याकडे नव्हती. आणि परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणाऱ्या ओसीआय कार्डावर भारताकडून खेळताच येत नाही, आधी परदेशी पासपोर्ट सोडा. ज्यांच्या घरी दारच नाही, त्यांनी शेजाऱ्याच्या पाहुण्यांना नावं ठेवायची.

व्हिएतनामने निदान हालचाल केली. २०२३ मध्ये कंबोडियात नॉम पेन्हला ट्रुआँग जुळ्या बहिणींनी, टेक्सासमध्ये वाढलेल्या, गोंझागा या अमेरिकन कॉलेजकडून खेळलेल्या, थ्री बाय थ्रीत देशाला बास्केटबॉलचं पहिलं सी गेम्स सुवर्ण मिळवून दिलं. त्याच्या चार वर्षं आधी दिन्ह भावांचं ब्राँझ, मग हे. १ जुलै २०२५ पासून नागरिकत्वाच्या कायद्यात सुधारणा लागू झाली आहे, परदेशी पासपोर्ट ठेवून व्हिएतनामी नागरिकत्व मिळवणं त्याने पुष्कळ सोपं झालं. पण फिबाची सोळा वर्षांची रेघ तिथेच आहे. म्हणजे विशीतल्या गार्डला या सुधारणेचा फिबात उपयोग त्या एका जागेपलीकडे जवळजवळ शून्य. उपयोग आज बारा-तेरा वर्षांच्या पोरांना, तोही आईबापांनी अर्ज आत्ता केला तर. संघांचे लोक अमेरिकेत विशीतली पोरं हेरतात, त्याच फेरीत त्यांनी शाळेतल्या पोरांच्या पालकांनाही गाठावं आणि कागदांची यादी हातात द्यावी. ड्रिबल नंतर बघा, जन्मदाखला आधी.